काठी उजव्या हातात, आक्का

आक्का, गेल्या आठवड्यात बुधवारी लोहारमामा घरी आले होते. तुला जाऊन बावीस दिवस झाले होते. दारात चप्पल काढून ते ओट्यावर आले. हातात फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी होतं. ते त्यांनी माझ्याकडं दिलं आणि म्हणाले, "आक्कानं करायला सांगितलंतं. मलाच उशीर झाला." त्या फडक्यात काय होतं ते तुला ठाऊक आहे. मला ठाऊक नव्हतं. तेव्हापासून मी मनातल्या मनात तुझ्याशी बोलतेय, आणि ते बोलणं इतकं साठलं की शेवटी वही घेऊन बसले.

असं लिहायची मला सवय नाही. कॉलेजात लिहिते ते वेगळं. तिथं प्रश्न दिलेला असतो. आपल्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच, त्यामुळं असलं काही कसं लिहायचं हे विचारायलाही घरात कुणी नाही. तुझा जन्म कधीचा, लग्न कुठल्या गावात झालं, नवरा वारल्यावर तू बेळगुंदीला माहेरी कधी परत आलीस, हे मी लिहिणार नाही. ते बाबांना विचारून कुणीही उतरवून घेईल. मला तुझ्या चालण्याबद्दल लिहायचंय.

लहानपणी मी शेताच्या बांधावर बसून तुझी वाट बघायचे. लांबून येणारी बाई कोण आहे ते तोंड दिसायच्या आधीच कळायचं. डावा पाय जमिनीला टेकला की तुझा गुडघा बाहेरच्या अंगाला एक झटका खायचा आणि पुन्हा जागेवर यायचा. बिजागरी सैल झालेल्या फाटकासारखा. पाय टेक, झटका, पाय टेक, झटका. मला वाटायचं, आत्या झालं की असंच चालायचं असतं. मी तुझ्यामागं तसंच गुडघा बाहेर टाकत चालायचे आणि तू वळून बघून म्हणायचीस, "कशाला गं म्हातारी हुयाची घाई झालीया तुला?"

त्याला दुखणं म्हणतात हे मला किती उशिरा कळलं. तू कधी दुखतंय म्हणायचीच नाहीस. गुडघ्याला तेल चोळताना दार लोटून घ्यायचीस. एकदा बाबांनी जबरदस्तीनं शहरात डॉक्टरांकडं नेलं, तेव्हा परत आल्यावर तू ओट्यावर बसून सगळ्यांना डॉक्टरांच्याच कानडीत सांगितलंस, "त्यो म्हणतोय, मोणकाल सवदैती." मग आमची तोंडं बघून मराठीत सांगितलंस, "गुडगा झिजलाय म्हणं. गाडीचा आस झिजतोय तसा. त्यात काय एवढं? गाडी काय चालायची थांबती?" डॉक्टरांनी पुढं कधीतरी ऑपरेशन लागेल म्हणून सांगितलं होतं. ते मात्र तू कुणाला सांगितलं नाहीस. बाबांकडून कळलं.

तुला कशाची भीती होती हे मला माहीत होतं. ऑपरेशनची नव्हती. एक दिवस घरातलं कुणीतरी "आता तू शेताला येऊ नकोस, घरात बस" म्हणेल, याची होती. भात असो, रताळी असोत, म्हशीची वैरण असो, तू रोज शेताला जायचीस. तुझ्या पायानं जायचीस. बाबा मोटरसायकलवर बस म्हणाले तरी बसायची नाहीस. "शेताला गाडीवरनं जायाला मी काय सरकारी साहेब हाय?" तेवढं चालणं गेलं असतं तर तुझ्याकडं तुझं असं काय उरलं असतं, हे मला आता कळतं. तेव्हा मी फक्त हट्टी म्हणायचे.

मग मी फिजिओथेरपीला लागले. आपल्या गल्लीत तो शब्द कुणाच्या तोंडात बसत नव्हता. तू सगळ्यांना सांगायचीस, "आमची सारू हात-पाय हालवायचं कॉलेज शिकती." मी लाजायचे. शहरातल्या मुलींपुढं मी तोंड उघडायलाही घाबरायचे. आपल्याकडं बायकासुद्धा "मी जातो, मी येतो" म्हणतात, तसं एकदा माझ्या तोंडून गेलं आणि मागच्या बाकावर हशा पिकला. त्यानंतर मी कितीतरी दिवस वर्गात एक शब्द बोलले नाही.

आणि एके दिवशी मॅडमनी फळ्यावर दोन पाय काढले. पाय टेकताना गुडघा बाहेरच्या अंगाला ढकलला जातो, त्याला व्हेरस थ्रस्ट म्हणतात असं त्या सांगायला लागल्या. गुडघ्याच्या आतल्या बाजूची कूर्चा, म्हणजे हाडांमधली मऊ गादी, झिजलेली असते. त्यात पाऊल टेकलं की सगळा भार त्याच आतल्या बाजूला पडतो. मांडीचे स्नायू सांभाळायला कमी पडतात, म्हणून गुडघा बाहेर झटका खातो, आणि प्रत्येक झटक्याला झीज आणखी वाढू शकते. आक्का, वर्गात पहिल्यांदा असं झालं की पुस्तकात काय आहे ते मला आधीपासून माहीत होतं. इतकी वर्षं मी ते बांधावर बसून बघत होते.

मॅडम म्हणाल्या, घरातल्या कुणाचं चालणं मोबाईलवर काढून आणा. त्या रविवारी मी तुला अंगणात चालायला लावलं. पुढून, मागून. कशासाठी ते सांगितलं नाही. म्हटलं, मोबाईल बघतेय कसा चालतोय ते. तू चाललीस.

सोमवारी ते भिंतीवरच्या मोठ्या पडद्यावर दाखवलं. सावकाश केलं होतं, त्यामुळं तुझा गुडघा माणसाच्या उंचीएवढा होऊन बाहेर झुकत होता आणि परत येत होता. शेवटी तुझा आवाज आला, "अगं पदर तरी नीट करू दे की!" चाळीस जण हसले. वाईट हेतूनं नाही, तो आवाजच तसा होता. पण मीही हसले, आक्का. त्यांच्यातली एक होऊन हसले. मला त्यांच्यात बसायचं होतं.

हे मी तुला आठवड्यानं सांगितलं. तू रताळ्याचे वेल निवडत होतीस. हात थांबला नाही. वेल बाजूला टाकत विचारलंस, "किती पोरं हुती?"

"चाळीस."

"पदर नीट हुता का?"

"व्हय."

"मग बास. पुढल्या बारीला सांगून काढ. नवं लुगडं नेसतो."

मला वाटलं, संपलं. पण त्या दिवसापासून एक गोष्ट बदलली. शेताला जाताना बांधाची वाट अरुंद असते, एकामागं एक चालावं लागतं. आधी तू पुढं असायचीस आणि मी मागं. त्यानंतर तू मला नेहमी पुढं घालायला लागलीस. "तू हो फुडं, मी येतो मागनं." मी वळून बघितलं की तू थांबायचीस. आभाळाकडं बघितल्यासारखं करायचीस. आपलं चालणं या पोरीला आता दाखवायचं नाही, हे तू ठरवलंस असं मी समजले. मला ते लागलं, पण तसं तुला म्हणायला तोंड नव्हतं. माफी मागायची राहिली. आज मागते.

खडेबाजारात आपण तुझ्यासाठी काठी घेतली तो दिवस मात्र मला अजून हसवतो. दुकानदारानं दहा काठ्या पुढं मांडल्या. तू एकेक उचलून हवेत फिरवून बघत होतीस. तो म्हणाला, "अहो आजी, चालायला पाहिजे की मारायला?" तू म्हणालीस, "दोन्हीला." शेवटी वाकड्या मुठीची घेतलीस, म्हणजे काम करताना कोपरात अडकवता येते. तिथून बसस्टँडपर्यंत तू ती डाव्या हातात धरून चाललीस आणि आपलं भांडण सुरू झालं.

"आक्का, काठी उजव्या हातात."

"दुखतोय कुठला?"

"डावा."

"मग? भित पडाय लागली ह्या अंगाला आणि टेकू लावायचा त्या अंगाला? तुमच्या कॉलेजात गवंडी शिकवत्यात काय?"

बसस्टँडवरच्या दोन बायका हसल्या. मी पुस्तकातलं सांगायला गेले, भार, तोल, कोन. तू ऐकून घेतलंस आणि म्हणालीस, "बरं. आणि उजव्या हातात काठी धरली तर इळा कशात धरू?"

म्हशीसाठी गवत कापताना तू बांधानं एकेक पाऊल सरकत जायचीस. उजव्या हातात विळा, डाव्या कोपरात काठी, डाव्या हातानं गवताची मूठ धरायची, कापायची, टाकायची, काठी टेकून पुढचं पाऊल. काठी उजवीकडं घेतली तर प्रत्येक पावलाला विळा खाली ठेवा, काठी घ्या, काठी ठेवा, विळा घ्या. मी म्हटलं, मग गवत कापताना राहू दे, नुसतं चालताना तरी धर. तू म्हणालीस, "सवय एकच असती पोरी. घरात एक आन् शेतात एक आसं न्हाय जमत." दोन वर्षं आपण यावर भांडलो. मी घरात शिरले की आधी तुझ्या हाताकडं बघायचे, आणि काठी डाव्याच हातात असायची.

एका गोष्टीत मात्र तू माझं ऐकलंस. तीही मी नाही घडवली, गावानं घडवली. गेल्या वर्षी गावात वार पाळायचे ठरले. पाच मंगळवार कुणी शेतात जायचं नाही, बैल जुंपायचे नाहीत, विळा-खुरप्याला हात लावायचा नाही. देवीचा वार, त्यामुळं तूही पाळलास. म्हशीची वैरण बाबांनी सोमवारीच आणून टाकली. बुधवारी सकाळी तू उठलीस आणि ओट्याच्या दोन पायऱ्या कठड्याला न धरता उतरलीस. दुसऱ्या बुधवारीही तसंच. मी म्हटलं, "आक्का, बघितलंस? एक दिवस सोडलास तर गुडघा किती निवतो."

तू म्हणालीस, "देवीची किरपा."

मी म्हटलं, "असू दे. पण पाच वार संपल्यावर देवी काय म्हणाली, सहावा पाळू नको?"

तू माझ्या पाठीत एक धपाटा घातलास. मग म्हणालीस, "लई शानी झालीस." आणि गावाचे वार संपले तरी तुझा मंगळवार चालू राहिला. कुणी विचारलं तर सांगायचीस, "आमच्या गुडग्याचा वार हाय." नुसतं बसून चालणार नाही, स्नायूंना ताकद पाहिजे, म्हणून मी त्यात व्यायाम घातला. भिंतीला पाठ लावून बसायचं, पाय लांब करायचा, गुडघ्याखाली टॉवेलची गुंडाळी ठेवायची आणि ती खाली दाबायची, पाच मोजेपर्यंत. रोज थोडं करायचं होतं, पण मंगळवारी पुरतं, सगळं. तू कानडीत मोजायचीस. वंदू, येरडू, मूरू, नाकू, ऐदू. का गं, म्हटलं, तर म्हणालीस, "कानडीत बिगीनं संपतंय."

शेजारची तानूकाकी कुंपणावरून बघायची. तिचाही डावा गुडघा गेलेलाच. पण तिला चेष्टेला निमित्त झालं. "आक्का, ह्या वयात शाळंत नाव घातलंस काय गं? दप्तर कुठं हाय?" तू टॉवेल दाबत म्हणायचीस, "तू बी ये. फी न्हाय." ती यायची नाही. कुशीवर होऊन पाय वर उचलायचा व्यायाम मात्र तू दार लावूनच करायचीस. तानूकाकीनं तो कधीच बघू नये अशी तुझी आज्ञा होती.

आक्का, मला खोटं लिहायचं नाही. तुझा पाय सरळ झाला नाही. झिजलेलं परत भरून येत नाही, ते मॅडमनीही सांगितलं होतं आणि मीही तुला सांगितलं होतं. पण दुखणं कमी झालं होतं, हे तू तेल चोळायला दार लोटत नव्हतीस त्यावरून मला कळत होतं. शेताला जाऊन यायला तुला आधीपेक्षा कमी वेळ लागत होता. आणि "घरात बस" असं कुणी म्हणालं नाही.

जायच्या आधी महिनाभर तुझ्या हाताला काहीतरी होत होतं. एकदा उजव्या अंगठ्याला चिंधी, एकदा उजव्या हाताच्या पहिल्या बोटाला. आईनं विचारलं, "काय झालं वो, वन्सं?"

"मांजर बोचकारलं."

आई म्हणाली, "आपल्याकडं कुठलं मांजर?"

"तानूचं."

तानूकाकीकडंही मांजर नाही. पण माझी परीक्षा होती. मी चिंधी बघितली आणि पुस्तकात डोकं घातलं.

तू मंगळवारी गेलीस. मी कॉलेजात होते. बाबांचा फोन आला, बसनं घरी पोचले तेव्हा तुला ओट्यावर निजवलेलं होतं आणि अंगण माणसांनी भरलेलं होतं. छातीत कळ आली आणि पाणी आणेपर्यंत सगळं संपलं, असं आई म्हणाली. आत खोलीत भिंतीपाशी तुझी चटई तशीच पसरलेली होती. त्यावर टॉवेलची गुंडाळी होती. मधोमध खोलगट, गुडघ्याएवढी. सगळे तुझ्याजवळ रडत होते आणि मी त्या गुंडाळीजवळ बसले. ती सोडावी की तशीच ठेवावी, ते मला कळत नव्हतं. अजून तशीच आहे.

त्या दिवसांत माझ्या डोक्यात एकच फिरत होतं. मी तुझ्यासाठी नक्की काय केलं? चाळीस जणांना हसवलं आणि एक काठी दिली, तीही चुकीच्या हातात राहिली. भिंतीच्या आणि टेकूच्या प्रश्नाला उत्तर मला तू गेल्यावर आठव्या दिवशी सुचलं. केळ घडाच्या भारानं एका अंगाला लोंबली की तू टेकू कुठं लावायचीस? घड ज्या अंगाला लोंबतो, त्याच अंगाला. काठीचंही तसंच आहे. डाव्या पायावर उभं राहिलं की अंगाचा सगळा भार उजवीकडं लोंबतो, मग आधार उजवीकडंच पाहिजे. इतकं सोपं होतं. दोन वर्षांत एकदाही मला तुझ्या भाषेत सांगता आलं नाही. म्हशीला पाणी दाखवताना ते सुचलं आणि सांगायला तू नव्हतीस.

मग तो बुधवार. मी फडकं सोडलं. आत विळा होता. नवा, काळपट निळा, मुठीला अजून लाकडाचा वास. मला कळेना. आपल्या घरात चार विळे आहेत.

लोहारमामा म्हणाले, "हातात धर बघू."

मी उजव्या हातात धरला.

"त्या न्हवं. डाव्या."

डाव्या हातात धरला आणि तो बरोबर बसला. मामांनी धारेवरून बोट फिरवून दाखवलं. विळ्याला धार एकाच अंगानं लावतात. आपले सगळे विळे उजव्या हाताचे. डाव्या हातात घेतले की गवतावरून घसरतात आणि मूठ धरलेल्या दुसऱ्या हाताला लागतात. हा उलटा घडवला होता.

"माझ्या भट्टीपुढनंच तुम्ही शेताला जायाचा न्हवं?" मामा सांगायला लागले. "तू फुडं, ती मागं. तू फुडं गेलीस की ती काठी उजव्या हातात घ्यायची. तू मान वळवलीस की झटक्यानं डाव्या हातात. मी रोज बघायचो आन् हसायचो. एक दिवस विचारलं, आक्का, ही काय चोरी? तर म्हणाली, परसू, पोरगी म्हणत्या ते खरं हाय रं. उजव्या हातात धरली की गुडगा वरडत न्हाय. पर तिला आत्ता सांगू नको. डावा हात कापाय शिकू दे आधी. घरचा इळा डाव्या हाताला बोटं कापतोय, तू मला एक उलटा घडवून दे. सगळं बसलं की मग तिला म्हणतो, काढ तुझी फिलम. नवं लुगडं नेसून."

आक्का, मी तिथंच ओट्यावर बसले. किती चुकीचं वाचलं होतं मी तुला. मला वाटत होतं तू माझ्यापासून आपलं चालणं लपवतेस, कारण मी ते चाळीस जणांपुढं मांडलं. आणि तू माझ्या पाठीमागं ते दुरुस्त करत होतीस. कदाचित आधी खरंच लपवत असशील, आणि मागं चालता चालता कधीतरी करून बघितलं असशील. ते मला आता कळणार नाही. पण या वयात उजव्या हाताची बाई डाव्या हातानं गवत कापायला शिकत होती, बोटं कापून घेत होती, आणि ते मांजरावर ढकलत होती, एवढं मला कळलं. "तुझं पटलं" असं तू कधी म्हणाली नाहीस. लोहाराला विळा सांगितलास.

दुसऱ्या दिवशी गुरुवारी मी तो विळा घेऊन शेताला गेले. एकटीच. बांधावर मी कुणाच्या पुढं नव्हते आणि कुणाच्या मागं नव्हते. डाव्या हातानं गवत कापायला लागले. पहिल्या दिवशी म्हशीला पुरेल एवढं काही झालं नाही, बाबांना परत जावं लागलं. हात वळतच नाही, आक्का. मनगट दुसरीकडं जातं आणि पातं तिसरीकडं. तू हे कसल्या विळ्यानं करत होतीस ते आठवून मी पुन्हा मूठ धरायचे.

परवा मंगळवार होता. मी विळा खुंटीला अडकवला, तुझा वार म्हणून. कॉलेजला जायची तयारी करत होते तर दारात तानूकाकी. काखेत घडी केलेला टॉवेल, हातात काठी. तुझ्या चटईच्या शेजारी भिंतीला पाठ लावून बसली, पाय लांब केला आणि म्हणाली, "दाखीव. आन् हसू नको."

मी दाखवलं. तुझ्या गुंडाळीला तिनं हात लावला नाही, स्वतःचा टॉवेल गुंडाळला. तिनं मराठीत मोजलं. पाचला धाप लागली. मी म्हटलं, "काकी, आक्का कानडीत मोजायची, लवकर संपतं म्हणून." ती हसली, मग डोळे पुसले, मग पुन्हा दाबलं. वंदू, येरडू.

जाताना दारात थांबून म्हणाली, "सारे, त्यो आक्काचा उलटा इळा, परसू सांगत हुता. माझा बी डावाच गुडगा हाय." आणि खुंटीकडं बघितलं. मला आधी द्यावासा वाटला नाही. तो तुझा होता, आणि तू तर त्यानं एक मूठही कापली नव्हतीस. मग मला वाटलं, तू असतीस तर "फी न्हाय" म्हणाली असतीस. मी म्हटलं, "देते काकी. पण आधी मला नीट शिकू दे, मग तुला शिकवते. नाहीतर बोटं कापून घेशील."

"शिक बिगीनं," ती म्हणाली. "आन् फिलम काढायची झाली तर मला आधी सांग. पदर नीट करतो."

काठी तिनं आपली आपणच उजव्या हातात घेतली होती. कुंपणापर्यंत ती चालत गेली ते मी मागून बघितलं. गुडघा बाहेर झटका खात होता, पाय टेक, झटका. पण मी ते आता वेगळं बघते. आधी मला त्यात तू दिसायचीस, मग वर्गात तेवढा गुडघाच दिसायला लागला होता. परवा दोन्ही दिसलं. माणूस आणि गुडघा. मॅडमना हे सांगता येईल की नाही माहीत नाही, पण पुढच्या वेळी कुणाचं चालणं काढायचं झालं तर मी आधी विचारीन आणि पदर नीट करायला वेळ देईन. एवढं मी तुझ्याकडून शिकले, आणि हे कुठल्याच पुस्तकात नव्हतं.

काल संध्याकाळी गवत बऱ्यापैकी कापलं गेलं. एका लयीत चार-पाच मुठी पडल्या आणि मला वाटलं, आलं, जमलं. त्याच वेळी लक्ष उडालं आणि उजव्या हाताच्या पहिल्या बोटाला लागलं. तुला लागलं होतं बरोबर त्याच जागी. रक्त बघून मला रडू यायला पाहिजे होतं, पण मी बांधावर एकटीच हसत बसले.

घरी आले. आई चुलीपुढं भाकरी थापत होती. तिनं माझं बोट बघितलं.

"काय झालं गं?"

"मांजर बोचकारलं," मी म्हणाले.

आईचे हात थांबले. तिनं पीठ झटकलं, तुझ्या जुन्या लुगड्याची एक चिंधी फाडली आणि माझ्या बोटाला बांधली. गाठ मारून झाल्यावर माझा हात तसाच हातात ठेवून म्हणाली, "त्या मांजराला म्हणावं, जरा दमानं."